पानातला मासा आणि बाहेरचे सल्लागार

अख्खा मासा पानात गुंडाळून शिजवायच्या जेवढ्या म्हणून रेसिप्या नेटवर सापडतात त्या सगळ्यांमध्ये एक वाक्य असतंच असतं, "आता मासा केळीच्या पानात नीट गुंडाळून घ्या." बस्स. त्याच्या आधी लसूण किती, तो चिरायचा की ठेचायचा, लिंबू आत्ता पिळायचं की नंतर, यावर भरभरून लिहिलेलं असतं आणि जिथे खरी गोची आहे तिथे ही एवढीशी ओळ. व्हिडिओवाल्यांचं तर विचारूच नका. बाई मासा पानावर ठेवते, गोड हसते, कॅमेरा कट होतो आणि पुढच्या क्षणाला पाकीट तयार! कडा सरळ, घड्या नीट, वरून पानाचीच एक नाजूक पट्टी बांधलेली. मधल्या वेळात काय घडलं, किती पानं फाटली, घरातलं कोण कोणाला काय बोललं, हे कुठल्याच व्हिडिओत नाही. मी शोधलंय.

त्यात जास्त चिडचिड कशाची होते तर हा प्रकार अर्ध्या आशियाला येतो. इंडोनेशियात पेपेस, लाओसमध्ये मोक पा (त्यात चक्क शेपू घालतात, आमच्याकडे शेपू म्हटलं की माणसं ताटावरून उठतात), कंबोडियात आमोक, थायलंडमध्ये हो मोक. लांब कशाला जा, केरळात करिमीन पोळ्ळिचाथू आहे, बंगालमध्ये पातुरी आहे, पारशांच्या लग्नातली पात्रा नी मच्छी तर सगळ्यांना माहितीच आहे. थोडक्यात जिथे केळ उगवते आणि जवळपास पाणी आहे तिथे कोणी ना कोणी मासा पानात बांधलाच आहे, तोही गप्पा मारता मारता, हाताकडे न बघता. मग आपल्यालाच काय धाड भरलीय, असं मला वाटलं, आणि दीर-जाऊबाई जेवायला येणार होते तोच मुहूर्त मी धरला.

आता ही यादी नीट बघितली तर कळतं की यातली बरीच मंडळी हुशार आहेत. पातुरीत बहुतेक वेळा तुकडा असतो. हो मोक आणि आमोकमध्ये मासा नारळाच्या दुधात, मसाल्यात कालवून पानाच्या द्रोणात वाफवतात, म्हणजे मासा गुंडाळायची भानगडच मिटली. डोक्यापासून शेपटीपर्यंत अख्खा मासा बांधायचा हट्ट धरणारे म्हणजे ते पेपेसवाले, ते केरळवाले, आणि वर भाज्याही त्याच पाकिटात कोंबायच्या म्हणणारी आमच्या घरात मी.

"अख्खा कशाला गं?" सासूबाई म्हणाल्या. "तुकडे केले की सगळ्यांना सारखे येतात. अख्खा ठेवलास की कोणाला पाठ, कोणाला पोट आणि कोणाला नुसता काटा. भांडणं लावायची कामं."

यात तथ्य होतं, पण मी रात्रभर वाचन केलेलं असल्यामुळे कोणाचं ऐकायच्या पलीकडे गेले होते. हाडामुळे आणि कातडीमुळे मांस कोरडं पडत नाही, डोक्यातला चिकटपणा रसात उतरतो, गालाचं मांस सगळ्यात मऊ असतं, असं सगळं मी त्यांना समजावून सांगितलं. त्यांनी शांतपणे ऐकून घेतलं आणि विचारलं, "बरं. मग बसणार कशात?"

नेमका हाच प्रश्न मी टाळत होते. मी जिताडा आणला होता. थाई हॉटेलात पला कपोंग म्हणून जो वाफवून येतो, ऑस्ट्रेलियात ज्याला बारामुंडी म्हणून डोक्यावर घेतात आणि बंगाली माणूस ज्याला भेटकी म्हणून हळवा होतो तो हाच. मासा एक नंबर होता, डोळे स्वच्छ, कल्ले लालबुंद, बोटाने दाबलं की खळगा लगेच भरून येणारा. फक्त किलोभराचा जिताडा लांबीला घरातल्या कुठल्याही भांड्यापेक्षा चार बोटं जास्तच भरतो. लेकीने कंपासपेटीतली पट्टी आणली आणि मोजायला घेतलं, पट्टी संपली, मासा संपेना. मग कुकर झाला, मोठं पातेलं झालं, केकचा टिन झाला, प्रत्येकातून शेपूट बाहेर. नवरा म्हणाला, "शेपटी उडव ना, खातं कोण ती?" म्हटलं, मग तो अख्खा कसा राहील? तर म्हणे, नव्वद टक्के अख्खा. यावर घरात बराच वेळ चर्चा झाली, नव्वद टक्के अख्खं असं काही असू शकतं का वगैरे, आणि शेवटी असं निघालं की सगळ्यात मोठ्या कढईत मासा तिरका ठेवून शेपूट जराशी वळवली तर बसतो, कढईवर झाकण तेवढं बसत नाही. झाकणाचं नंतर बघू म्हणून सभा संपवली.

मसाला मी पेपेसचा करायचं ठरवलं होतं. त्याला लागतात छोटे कांदे, लसूण, लाल मिरच्या, ओली हळद, आणि केमिरी नावाचं एक बी, ज्यात एवढं तेल असतं की ते पेटवून लोक उजेडाला वापरायचे. कच्चं खाल्लं तर पोट बिघडवतं, शिजलं की मसाल्याला दाटपणा आणतं. ते काही मिळालं नाही, काजूवर भागवलं. इंडोनेशियन माणूस बघायला येणार नव्हता.

मग गवती चहा. आपण वर्षानुवर्षं त्याच्या पात्या कापून चहात टाकतोय, आणि तिकडचे लोक पात्यांकडे ढुंकूनही बघत नाहीत, त्यांना लागतो तो खालचा पांढरट, जाड दांडा, सुरीच्या पाठीने ठेचलेला. आणि विकायला जी जुडी येते तिच्यात नेमका तोच भाग कापून टाकलेला असतो! शेवटी सासूबाईंच्या कुंडीतला एक ठोंब मुळापासून उपटला. त्याबद्दल त्या दिवशी त्या काही बोलल्या नाहीत, पण दुसऱ्या दिवशी सकाळी माझ्यासमोर साधा चहा आला.

खरं नाट्य झालं ते तुळशीवरून. पेपेसमध्ये केमांगी नावाचा पाला घालतात, लिंबाचा वास असलेली एक प्रकारची बेसिल. ती नव्हती म्हणून मी बाजारात मिळणारी साधी बेसिल आणली आणि ओट्यावर ठेवली. सासूबाईंनी एक पान चुरडून वास घेतला.

"ही तुळस आहे."

"नाही हो आई, तुळशीच्या कुळातली आहे, पण ती ही नव्हे."

"कुळातली आहे ना? झालं मग. माशात नाही जाणार."

मी सब्जाचं बी याच जातीच्या झाडाला येतं, आपण ते सरबतात घालतोच की, असा युक्तिवाद केला. त्यावर सरबतात मासा नसतो असं उत्तर आलं, ज्याला माझ्याकडे काही उत्तर नव्हतं. थायलंडमध्ये तर खरीखुरी तुळस, आपल्या वृंदावनातली तीच, मिरची-लसणावर मांसाबरोबर परततात, हे मी त्यांना अजूनही सांगितलेलं नाही आणि सांगणारही नाही. शेवटी बेसिल आत घालायची पण काढताना त्यांच्या वाट्याच्या भागावर येऊ द्यायची नाही असा तह झाला.

फिश सॉसची बाटली उघडली तेव्हा मात्र घरात एकमत झालं. छोटे मासे आणि मीठ पिंपात भरून महिनोन् महिने मुरवायचं आणि जे पाणी सुटतं ते गाळून घ्यायचं, असा तो मामला, त्यामुळे झाकण उघडल्यावर काय होणार. लेक नाक धरून गॅलरीत गेली. नवऱ्याने खिडक्या उघडल्या. आयुष्यभर सुकी मच्छी हौसेने भाजलेल्या सासूबाईंनी पदर नाकाला लावला, हे मला जरा जास्त वाटलं. शिजल्यावर वास जातो आणि चव राहते, असं मी सगळ्यांना सांगत होते, पण ते ऐकायला खोलीत कोणी उरलं नव्हतं.

असो. आता पान.

केळीचं पान लांबून फार मऊ आणि आज्ञाधारक दिसतं. तसं ते नसतं. मधल्या जाड शिरेपासून कडेपर्यंत त्याच्या बारीक शिरा एकमेकींना अगदी समांतर जातात, त्यामुळे त्याला एकदा कुठे चीर पडली की ती शिरेच्या रेषेत पार टोकापर्यंत टर्रकन जाते, मध्ये थांबायचं नाव नाही. म्हणून आधी मधली शीर काढायची, पान ओल्या फडक्याने पुसायचं आणि मग गॅसवर धरून शेकायचं. हे शेकणं बघण्यासारखं असतं बरं का, त्याबद्दल माझी तक्रार नाही. पान ज्योतीवरून हळूहळू सरकवत न्यायचं, सुरुवातीला काहीच होत नाही, मग अचानक एका जागी त्याचा फिकट, पिठूळ रंग जातो आणि तिथे गडद चकचकीत हिरवा पट्टा उमटतो, कारण वरचा मेणाचा थर वितळतो. जसजसं पान पुढे सरकेल तसतसा तो पट्टा पुढे धावतो. हातातलं ताठ पान दोन्ही बाजूंनी लुळं पडतं आणि चहाच्या मळ्यातून आल्यागत वास सुटतो. इथे थांबलात तर जिंकलात. एक क्षण जास्त धरलं की कड करपून कुरकुरीत, आणि कुरकुरीत पान घडी घालताना मोडतं. कमी शेकलं तर फाटतं, जास्त शेकलं तर मोडतं, आणि बरोब्बर शेकलं की नेमकी कोणीतरी स्वयंपाकघरात येऊन काहीतरी विचारतं.

पहिलं पान मी पसरलं, वर मसाला, वर मासा, दोन बाजू उचलल्या आणि फाटलं. अगदी मधोमध. दुसरं फाटलं नाही पण शेपटीच्या काट्याने त्याला भोक पाडलं. तोपर्यंत नवरा मागे येऊन उभा राहिला होता, हाताची घडी घालून. "तू दोन्ही पानं एकाच दिशेने ठेवतेयस," तो म्हणाला. "एक आडवं ठेव, एक उभं. प्लायवूड कसं असतं? एका थराचे धागे आडवे, दुसऱ्याचे उभे, म्हणून ते चिरत नाही." मला हे म्हणणं इतकं पटलं की मला त्याचा राग आला. पानं आडवी-उभी ठेवली आणि खरंच, पुन्हा फाटलं नाही. तेव्हापासून तो घरात कुठल्याही विषयावर प्लायवूडचा दाखला देतोय.

पाकीट बंद कसं ठेवायचं हा पुढचा प्रश्न. इंडोनेशियात दोन्ही टोकांना नारळाच्या झावळीचे हीर टोचतात, अगदी छोटे तुकडे, टोकदार केलेले. हे मी मोठ्याने वाचलं आणि सासूबाईंची नजर कोपऱ्यातल्या खराट्याकडे गेली. "अजिबात नाही," त्या म्हणाल्या. मी तसं काही सुचवलंही नव्हतं! मग टूथपिक लावून बघितल्या. टूथपिक पानात घुसते खरी, पण पानाची शीर उसवतच आत जाते, म्हणजे बंद करायला जावं आणि उघडून बसावं. पानाच्या पट्टीने बांधायचं म्हणून व्हिडिओतल्या बाईने केलं होतं तसं केलं, पट्टी गाठ मारताना तुटली, परत मारली, परत तुटली. शेवटी सरळ सुती दोरा घेतला आणि दर दोन बोटांवर करकचून बांधला. दिसायला कुरियरचं पार्सल दिसत होतं, पण सुटणार नाही एवढी खात्री होती.

थांबा, भाज्यांचं राहिलंच. पाकीट बंद करण्याआधी त्या आत जायला हव्यात, आणि इथे रेसिपीवाले जे करतात त्याला माझ्या मते फसवणूक म्हणावं. "आवडीप्रमाणे भाज्या घाला", असं लिहितात. आवडीचा काही संबंध नसतो. मासा साधारण 60 अंश सेल्सिअसच्या आसपास शिजून त्याचे पदर सुटायला लागतात. गाजराला मात्र 80-85 अंशांच्या पुढे गेल्याशिवाय मऊ पडायचं नसतं, कारण त्याच्या पेशींना धरून ठेवणारं पेक्टिन तोवर सैल होत नाही. म्हणजे एकाच पाकिटात मासा म्हणतोय माझं झालं, आणि गाजर म्हणतंय अजून सुरुवातच कुठे झालीय. गाजराची वाट बघितली तर माशाचा भुगा होतो, माशाचं ऐकलं तर गाजर कडाकडा चावावं लागतं. मशरूम आणि टोमॅटो यांचं उलटंच, ते लगेच शरण येतात आणि एवढं पाणी सोडतात की खालून गळायला लागतं.

यावर इलाज एकच, गाजर आणि फरसबी काडीपेटीतल्या काड्यांएवढी बारीक कापायची आणि उकळत्या पाण्यात मिनिटभर बुडवून आधीच अर्धवट नरम करून घ्यायची. मशरूम परतून त्यांचं पाणी आटवायचं. पालेभाजी असेल तर कच्ची चालते. मग हे सगळं खाली पसरून त्याच्यावर मासा ठेवायचा, म्हणजे माशाचा रस भाज्यांत उतरतो. एकूण पाच मिनिटांत होईल असं वाटलेली भाजी माशापेक्षा जास्त वेळ खाते. लेक गाजराच्या काड्या कापायला बसली होती, अर्ध्यात तिने विचारलं, "आई, हे कोणी खाणारे का?" म्हटलं, काप तू.

माशाला दोन्ही बाजूंनी हाडाला लागेपर्यंत तिरके काप दिले, मसाला कापांत आणि पोटात दाबून भरला, लिंबू अगदी शेवटी. लिंबू लावून मासा तासभर ठेवून दिला की वरचं मांस न शिजवताच पांढरं आणि घट्ट व्हायला लागतं, मग वाफेवर ते आणखी घट्ट होतं. हे सासूबाईंनाही मान्य होतं, फक्त त्यांनी ते अंशांत न सांगता "लिंबू मासा खातं" एवढ्यात सांगितलं.

तर पाकीट कढईत बसलं. झाकणाचं 'नंतर बघू' आता समोर उभं होतं. परात उपडी घातली, कडेने वाफ निघत होती तिथे ओलं फडकं गुंडाळलं, वर वजन म्हणून खलबत्ता ठेवला. हे सगळं उभारून झाल्यावर लांबून बघितलं तर त्यात जेवण शिजतंय असं कोणीही म्हटलं नसतं.

आणि आता या पदार्थाचा खरा छळ सुरू होतो. आतलं काही दिसत नाही! तव्यावरचा मासा दिसतो, रश्शातला मासा दिसतो, तळणीतला तर बोलतोसुद्धा. हा एकदा बांधला की संपलं. नियम आहे, सगळ्यात जाड जागी मासा जितका इंच जाड असेल तितकी दहा-दहा मिनिटं धरायची, आणि पानात असेल तर वर पाचेक मिनिटं. आमचा दोन इंच होता, म्हणजे पंचवीस मिनिटं. पण जाडी मोजायची ती बांधायच्या आधी की नंतर, वेळ पाणी उकळल्यापासून की परात ठेवल्यापासून, आणि त्या परातीखाली नक्की वाफ कोंडतेय की सगळी माझ्या चष्म्यावर येतेय, यातलं काही नियमात नाही.

त्याच वेळी बेल वाजली. दीर, जाऊबाई आणि त्यांचा मुलगा आत आले आणि चपला काढायच्या आधी कढईपाशी. बंद पाकिटाची गंमत अशी आहे की आत काय चाललंय हे कोणालाच माहीत नसल्यामुळे प्रत्येकाला मत असतं. दीर म्हणाले झालाय, वास येतोय. नवरा म्हणाला अजून पाच मिनिटं, सेफ साइड. जाऊबाई म्हणाल्या, "वहिनी, उघडून बघा ना जरासं." जरासं! करकचून बांधलेल्या त्या पार्सलला जरासं उघडायची सोय असते का? लेकीने ओव्हनचं थर्मामीटर आहे का म्हणून विचारलं, आमच्याकडे ओव्हनच नाही. हे सगळं चालू असताना सासूबाई उठल्या, विणकामाची बारीक लोखंडी सुई घेतली, धुतली, परात उचलायला लावली आणि पानातूनच माशाच्या सगळ्यात जाड भागात, हाडापर्यंत, सुई खुपसली. मनात काहीतरी मोजलं. सुई बाहेर काढून टोक खालच्या ओठाला लावलं, डोळे मिटून.

"कोमट आहे. अजून चार मिनिटं."

सगळे गप्प. चार मिनिटांनी परत सुई, परत ओठ. "उतरव."

ही पद्धत मोठमोठे शेफही वापरतात, हे मला नंतर वाचून कळलं. त्यांना सांगितलं तर म्हणाल्या, "मग? नाहीतर कळणार कसं?"

पेपेस वाफवून झालं की वरून निखाऱ्यावर भाजतात, म्हणजे पान करपतं आणि धुराचा वास आत शिरतो. निखारे नव्हते, तवा होता. पाकीट तव्यावर ठेवलं आणि दोन मिनिटांत पानाच्या करपण्याचा असा काही वास सुटला की फिश सॉसमुळे गॅलरीत गेलेली लेकसुद्धा पळत आली. इथे मी पहिल्यांदा स्वतःवर खूश झाले. तेवढ्यात सुती दोरा पेटला. दिराने हातातलं सरबत ओतायची तयारी केली होती, पण नवऱ्याने फुंकून विझवला, अर्धी गाठ जळून गेली होती, त्यामुळे सोडायचं काम तेवढं वाचलं.

"थांबा, उघडू नका, मी व्हिडिओ काढते," जाऊबाई म्हणाल्या. मग सगळे हात वर करून थांबलो. आणि मला तेव्हा एक साक्षात्कार झाला. आमचं पाकीट हिरवं नव्हतं. ते शेवाळी-तपकिरी, मधे काळं पडलेलं होतं. कुठलंही हिरवं पान उष्णता लागल्यावर असंच होणार, हरितद्रव्यातलं मॅग्नेशियम निघून गेलं की हिरव्याचा तो मळका रंग होतो, त्याला कोणी काही करू शकत नाही. मग नेटवरच्या फोटोंत ती हिरवीगार, टवटवीत पाकिटं कुठून येतात? तर फोटो शिजवायच्या आधी काढलेले असतात हो! आतला मासा कच्चा असतो! एवढे दिवस मी ज्या बायकांकडे बघून न्यूनगंड बाळगला त्यांचा मासा फोटोच्या वेळी गॅसवर चढलेलासुद्धा नव्हता.

कात्रीने पान कापलं, वाफेचा लोट आला आणि जाऊबाईंच्या फोनची लेन्स धुक्यात गेली. व्हिडिओत पांढरं ढग आणि त्यामागून "वा वा" असे आवाज, एवढंच आहे. पण खरं सांगते, आत मासा सुंदर दिसत होता. मसाला पिवळाधमक होऊन कापांत बसलेला, कडेने तेल आणि रस, खाली गाजराच्या काड्या, आणि चमचा लावला तर मांसाचे पांढरे, ओलसर पदर आपणहून सुटत होते.

वाढायचं म्हणजे परत ज्ञान आलं. पाठीच्या कण्यावरून चमच्याने रेघ ओढायची, वरचा भाग पाठीकडे आणि पोटाकडे सरकवून काढायचा, मग शेपटीकडून अख्खा काटा धरून उचलायचा, खालचा भाग आपोआप मोकळा. दिराने सरळ मासा उलटा करायला घेतला होता. मी हात धरला. चीनमध्ये कोळी लोक ताटातला मासा उलटत नाहीत, त्याने होडी उलटते अशी समजूत आहे, असं म्हटलं. दीर म्हणाले आपल्याकडे कुठाय होडी. सासूबाई म्हणाल्या, "नसली तरी नको." म्हणून मग नाही उलटला.

त्यांच्या मुलाला डोक्याजवळची जागा मिळाली होती. शिजलेल्या माशाचा डोळा पांढरा, घट्ट गोटी होतो, ती गोटी बरोबर त्याच्याकडे रोखलेली. "काकू, तो बघतोय." त्याच्या वडिलांनी ताट फिरवलं. आता तो जाऊबाईंकडे बघायला लागला. परत फिरवलं. असं करत करत डोकं सासूबाईंसमोर आलं आणि त्यांनी काही न बोलता दोन बोटांनी गालाचं मांस अलगद काढून तोंडात टाकलं, मग दुसऱ्या बाजूचं. ज्या मऊ गालाबद्दल मी त्यांना सकाळी व्याख्यान दिलं होतं तो इतर कोणाला बघायलाही मिळाला नाही. बेसिलचं पान त्यांच्या वाट्याला आलं होतं, ते त्यांनी न बघितल्यासारखं करून खाल्लं. मीही न बघितल्यासारखं केलं.

मुलाने पान खायचं का असं विचारलं, नाही म्हटल्यावर मग घालायचं कशाला असंही विचारलं. लेकीची भविष्यवाणी खरी ठरली, मासा संपला, रस भातावर घेऊन संपला, पानाला चिकटलेला मसाला दिराने चमच्याने खरवडला, आणि प्रत्येकाच्या ताटाच्या कडेला गाजराच्या काड्यांची एक एक छोटी रास. जाऊबाईंनी मात्र सगळ्या खाल्ल्या, त्या डाएटवर आहेत.

"पानातलं जेवण किती सोपं ना," जाता जाता त्या म्हणाल्या, "भांडीच नाहीत! पान टाकून दिलं की झालं." मी हसून हो म्हटलं. आत सिंकमध्ये कढई होती, परात होती, खलबत्ता होता, मिक्सरची दोन भांडी होती, भाज्या उकळलेलं पातेलं, मशरूम परतलेली तवी, चाळणी, जळका तवा, आणि ज्यात मासा बसतो का हे बघितलं होतं ती सगळी, एकूण एक. ती घासायला नवऱ्याला लावलं. ओट्यावर जिथे मी ओली हळद वाटून ठेवली होती तिथे हाताच्या तळव्याएवढा पिवळा डाग पडलाय, साबण झाला, लिंबू झालं, सोडा झाला, ढिम्म हलत नाही. सासूबाई म्हणाल्या हळदीचा डाग उन्हात ठेवला की आपोआप उडतो. बरोबर आहे त्यांचं, पण ओटा गॅलरीत कसा नेणार?